वरूनच बंद आहे

वसईत लाइट जाते तेव्हा घरातली यंत्रे ठरलेल्या क्रमाने माना टाकतात. आधी फ्रीजची घरघर थांबते, मग टीव्ही काळा पडतो. इन्व्हर्टर क्षणभर विचार करतो आणि दोन पंखे, तीन ट्यूब आणि वाय-फायचा राउटर पदरात घेतो. राउटरचे हिरवे दिवे पुन्हा लुकलुकू लागतात. हॉलमध्ये हेडफोन लावून बसलेल्या शाळकरी मुलाला वाटते, वाचलो. तेवढ्यात त्यातला एक दिवा लाल होतो. कारण असे, की इन्व्हर्टर आपल्या घरात आहे आणि केबलवाल्याचा डबा शेजारच्या सोसायटीच्या गच्चीवर. डब्याला वीज त्या सोसायटीची आणि लाइट तर तिथलीही गेलेली. घर जिवंत, डबा मेलेला. वडील केबलवाल्याला फोन लावतात. पलीकडून जे उत्तर येते ते नायगावपासून विरारपर्यंत कुणीही झोपेत म्हणून दाखवेल : "काका, वरूनच बंद आहे."

हे 'वरून' म्हणजे कुठून, हे आजवर कुणी विचारलेले नाही. विरारकरांच्या दृष्टीने वर जीवदानी देवी आहे. पण तिचा या प्रकरणात हात असेल असे कुणाला वाटत नाही.

मुलाची अडचण मात्र तातडीची असते. तो ऑनलाइन खेळात चार जणांच्या टोळीत होता, टोळीतले दोघे इंदूरचे, एक कोल्हापूरचा. ते तिघे आता आपल्याला 'नूब' म्हणत असतील आणि बचावाला आपण तिथे नाही, या विचाराने तो पाच मिनिटे तळमळतो. मग सवयीने लॅपटॉपवर क्रोम उघडतो. पडद्यावर एक करडा डायनोसॉर उभा. मुलगा स्पेसबार दाबतो. डायनोसॉर धावायला लागतो.

हा डायनोसॉर सप्टेंबर २०१४ मध्ये आला. गुगलच्या क्रोम चमूतल्या सेबॅस्टियन गॅब्रिएल, अ‍ॅलन बेट्स आणि एडवर्ड जुंग यांनी तो घडवला. नेट नसणे म्हणजे प्रागैतिहासिक काळात परत जाणे, असा त्यातला विनोद. प्रकल्पाचे गुप्त नाव 'बोलान', टी. रेक्स या बँडच्या मार्क बोलानवरून. खेळ संपायला किती वेळ लागेल याचे उत्तर त्यांनी गमतीने १ कोटी ७० लाख वर्षे असे दिले होते. महावितरणचा देखभाल-दुरुस्तीचा शटडाऊन त्याच्या बराच आधी संपतो, हे इथे नमूद केले पाहिजे. २०१८ मध्ये गुगलने सांगितले, की हा खेळ महिन्याला २७ कोटी वेळा खेळला जातो. आणि बहुतेक खेळाडू अशा देशांतले, जिथे मोबाइल डेटा बेभरवशाचा किंवा महाग. उदाहरणादाखल घेतलेल्या नावांत पहिले नाव भारताचे होते. त्या २७ कोटींत वसई-विरारचा वाटा किती, हे गुगलने वेगळे काढून दाखवले नाही. गुगलच्या जागी आपली महापालिका असती तर वॉर्डनिहाय तक्ता मिळाला असता, अर्थात पुढच्या आर्थिक वर्षात.

जगाला नेट जाणे ही आपत्ती वाटते. वसई-विरारला ती रोजच्या वेळापत्रकातली गोष्ट वाटते, आणि नेटशिवाय खेळण्याची कला इथे पिढ्यांनी जोपासलेली आहे. या कलेचा उगम शोधायला वसईच्या खाडीवर जावे लागेल.

दहा-पंधरा वर्षांपूर्वीपर्यंत या खाडीवर दोन साम्राज्यांची हद्द लागत असे. दक्षिणेला भाईंदर : वीज रिलायन्स एनर्जीची, फोन एमटीएनएलचा, कोड मुंबईचा ०२२. उत्तरेला नायगाव : वीज महावितरणची, फोन बीएसएनएलचा, कोड ०२५०. मधे लोकल पूल ओलांडायला घेई तेवढीच मिनिटे. पण भाईंदरच्या पोराला भारनियमन हा शब्द बातम्यांत ऐकून माहीत होता आणि नायगावच्या पोराला तो घड्याळात माहीत होता. २००५ मध्ये वीज मंडळाचे विभाजन होऊन महावितरण आली (लोक अजून 'एमएसईबी'च म्हणतात) आणि त्याच सुमाराला राज्यात विजेचा तुटवडा शिगेला पोचला. मुंबई भारनियमनातून वगळलेली. बाकी महाराष्ट्रात कुणाकडे किती तास अंधार, याचे तक्ते वर्तमानपत्रात छापून येत. वडीलधारी मंडळी ते तक्ते पाण्याची मोटर कधी लावायची हे ठरवायला वाचत. मुले ते 'आय.जी.आय.'साठी वाचत.

'प्रोजेक्ट आय.जी.आय.' हा डिसेंबर २००० मध्ये आलेला नॉर्वेजियन खेळ. नायक डेव्हिड जोन्स, हेर. एकटा, बंदूकधारी आणि पुढच्या लष्करी तळाच्या शोधात. पहिलेच मिशन रेल्वे यार्डात, त्यामुळे विरारच्या मुलांना घरच्यासारखे वाटे. पण या खेळात एक क्रूर खोड होती : मिशन अर्ध्यावर असताना 'सेव्ह' करता येत नसे. मेलात, की पहिल्यापासून. नॉर्वेच्या ज्या कुणी ही रचना केली, त्याच्या देशात धो धो धबधब्यांवर वीज तयार होते. वसईत संध्याकाळी काय होते याची त्याला सुतराम कल्पना असणे शक्य नाही. वीस मिनिटे गवतातून सरपटत, कॅमेरे चुकवत, कुंपणाची तार कापत पोरगा शेवटच्या दारापर्यंत पोचायचा, आणि खाटकन काळोख. मग टेबलाखालचा यूपीएस बोंबलू लागे.

यूपीएस ही त्या काळातली खास चीज. बॅटरी नवी असेल तोवर दहा-पंधरा मिनिटे, जुनी झाली की जेमतेम 'शट डाउन'वर क्लिक करण्यापुरती. त्याच्या बीप-बीपचा वेग वाढत जाई. स्वयंपाकघरातून आई, "बंद कर आता, उडेल तो कॉम्प्युटर!" आणि हा, "आई, एकच गार्ड राहिलाय गं!" असा संवाद त्या दशकात किती इमारतींच्या किती मजल्यांवर झाला असेल. सैन्यदलांत दबावाखाली निर्णय घेण्याचे प्रशिक्षण देतात. ते इथे साडेतीनशे व्होल्ट-अँपिअरच्या डब्यावर फुकट मिळत होते.

इंटरनेटचा प्रश्न तेव्हा नव्हताच. होते ते डायल-अप. ते लावले की घरचा फोन अडकायचा आणि आत्याचा फोन लागला नाही की आत्या थेट दुसऱ्या दिवशी घरीच यायची. त्यामुळे खेळ यायचे ते सीडीवरून. स्टेशनबाहेरच्या फळीवर प्लॅस्टिकच्या पाकिटात, वर रंगीत झेरॉक्सचे चित्र, आत बहुधा चोरीची प्रत. प्रामाणिक मार्गही एक होता : 'डिजिट', 'पीसी क्वेस्ट' यांसारख्या मासिकांबरोबर येणाऱ्या सीडीतले डेमो. डेमो म्हणजे खेळाचा पहिला टप्पा फुकट, पुढचे विकत घ्या. कंपनीचा हेतू भूक चाळवण्याचा. पण त्या भुकेला वसईत कुणी भीक घातली नाही. इथली मुले तो एकच टप्पा मे महिन्याची अख्खी सुट्टी खेळत, त्यातल्या प्रत्येक खांबाला नावे देत, आणि पुढचा टप्पा असतो यावर त्यांचा स्वर्गावर असावा तेवढाच विश्वास असे.

सीडीवर ओरखडा पडला की ती बनियनने पुसायची, आतून बाहेर, गोल नाही. हे ज्ञान कुणी दिले ते ठाऊक नाही, पण संपूर्ण तालुक्यात एकमत होते.

मग 'व्हाइस सिटी' आली. २००३ मध्ये कॉम्प्युटरवर आलेला हा खेळ मायामीसारख्या शहरातल्या गुंडाचा, सरळसरळ मोठ्यांसाठीचा. तो कोणत्या इयत्तेत खेळला गेला हे इथे न काढलेले बरे. त्याने मराठी माध्यमाच्या मुलांवर एक उपकार केला. त्यात 'पँझर' टाइप केले की आकाशातून पडल्यासारखा रणगाडा हजर होई, 'अ‍ॅस्पिरिन' टाइप केले की तब्येत ठणठणीत, 'लीव्ह मी अलोन' टाइप केले की पोलीस मागे लागायचे थांबत. हे मंत्र गणिताच्या वहीच्या शेवटच्या पानावर लिहिलेले असत आणि स्पेलिंगमध्ये एक अक्षर चुकले तर रणगाडा येत नसे. बुधवारचे इंग्रजी स्पेलिंग दहावीपर्यंत चुकणारा विद्यार्थी 'प्रोफेशनल टूल्स' डोळे मिटून, न बघता, चालत्या गाडीत टाइप करत असे.

ज्यांच्या घरी कॉम्प्युटर नव्हता त्यांच्यासाठी सायबर कॅफे होता. नालासोपारा, वसई रोड, विरार, प्रत्येक स्टेशनाच्या पूर्व-पश्चिमेला चार-सहा गाळे. दारावर पाटी : 'नेट बंद आहे'. आत जागा नाही. नेट बंद असताना सायबर कॅफे भरलेला कसा, हे पाहुण्याला कळत नसे. आतले सगळे कॉम्प्युटर एका लॅनच्या वायरने एकमेकांना जोडलेले आणि त्यावर 'काउंटर-स्ट्राइक'चा 'डस्ट टू' नकाशा चालू. मारणारा आणि मरणारा यांत दीड फुटाचे प्लायवूड. त्यामुळे आजच्यासारख्या शिव्या माइकवरून द्याव्या लागत नसत. त्या प्लायवूडवरूनच जात. मालकाला बीएसएनएलच्या लाइनपेक्षा वायरीच्या पिनेची काळजी जास्त. नेट गेले तर फॉर्म भरायला आलेले गिऱ्हाईक परत जाई, पिन निघाली तर दहा पोरे एकदम उठत.

मुलांचे ठीक. मोठ्यांचे काय, तर मोठ्यांकडे सॉलिटेअर होते.

याची कहाणी सांगण्यासारखी आहे. वेस चेरी या मायक्रोसॉफ्टमधल्या इंटर्नने १९८८ मध्ये ते फावल्या वेळात लिहिले, सुझन केअर यांनी पत्ते काढले आणि १९९० मध्ये विंडोज ३.० बरोबर ते जगभर पोचले. चेरीला त्याबद्दल रॉयल्टी मिळाली नाही. त्याने मूळ खेळात एक 'बॉस की' ठेवली होती : साहेब येताना दिसला की एक बटण दाबायचे, पडद्यावर कामाचा देखावा. ती मायक्रोसॉफ्टने काढायला लावली. ही एक कळ राहिली असती तर महाराष्ट्राच्या प्रशासनाचे किती श्रम वाचले असते. कारण २००० नंतर एमकेसीएलचा एमएस-सीआयटी कोर्स गावोगावी पोचला, सरकारी नोकरीसाठी तो लागू लागला, आणि पन्नाशीचे लेखनिक क्लासमध्ये बसून माऊस ओढायला शिकले. माऊस ओढण्याचा सराव कशावर, तर लाल पत्त्यावर काळा पत्ता ठेवण्यावर. मायक्रोसॉफ्टने खेळ घातला होता तोही यासाठीच. म्हणजे कार्यालयात जे चाले तो अभ्यासक्रमच होता.

न्यूयॉर्कमध्ये २००६ साली महापौर ब्लूमबर्ग यांनी एका कर्मचाऱ्याच्या पडद्यावर सॉलिटेअर पाहून त्याला कामावरून काढले. आपल्याकडे प्रकरण इतके साधे राहिले नाही. जुलै २०२५ मध्ये विधान परिषदेत बसलेल्या तत्कालीन कृषिमंत्री माणिकराव कोकाटे यांच्या मोबाइलवर पत्त्यांचा खेळ दिसत असल्याची चित्रफीत फिरली. आपण खेळत नव्हतो, पडद्यावर आलेली जाहिरात घालवत होतो, असे त्यांनी सांगितले. महिनाअखेरीस त्यांचे खाते बदलले. नवे खाते क्रीडा. यावर अधिक काही लिहिणे विनोदी लेखकाच्या पोटावर पाय देण्यासारखे आहे. मात्र तांत्रिक बाजू अशी, की न मागता जाहिरात उगवणे हा नेट चालू असल्याचा दोष. जुन्या सॉलिटेअरमध्ये उगवायचे ते फक्त पत्ते, डाव जिंकल्यावर, उड्या मारत.

सॉलिटेअरच्या पुढची पायरी फ्रीसेल, आणि तिथले खरे साधक वसई गावात आणि पापडी-गिरीज पट्ट्यात सापडतात. बँकेतून किंवा रेल्वेतून निवृत्त, मागे चार केळी आणि जास्वंदीची वाडी, पुढे मुलाने दुबईला जाताना ठेवलेला जुना कॉम्प्युटर. विंडोजच्या जुन्या फ्रीसेलमध्ये ३२,००० क्रमांकित डाव होते. १९९४-९५ मध्ये हौशी लोकांनी आपसात वाटून घेऊन ते सगळे सोडवायला घेतले. एकच राहिला : क्रमांक ११९८२. तो सुटत नाही, हे पुढे संगणकांनीही मान्य केले. असे एखादे काका दुपारच्या झोपेनंतर क्रमाने डाव सोडवत असतात आणि त्यांना हे सांगण्यात अर्थ नसतो. "अरे, नीट खेळले नसतील," एवढेच उत्तर येते.

विंडोज ८ आले तेव्हा मायक्रोसॉफ्टने हे पत्ते अंगभूत खेळांतून काढून टाकले, आणि विंडोज १० मध्ये परत आणले ते जाहिरातींसकट. जाहिराती नको असतील तर वर्गणी भरा. स्वतःशी पत्ते खेळायला वर्गणी! काकांनी जुना कॉम्प्युटर भंगारात न देण्यामागे हेच कारण आहे, सून काही म्हणो.

नेटशिवाय खेळण्याचे मोठे मैदान अर्थात विरार लोकल. चर्चगेट ते विरार ६० किलोमीटर, जलद गाडीने सुद्धा दीड तासाच्या आसपास. पूर्वी तिथे पत्ते चालत. चौघांच्या गुडघ्यांवर एक ब्रीफकेस आडवी, वर पुठ्ठा, आणि मेंढीकोट. खेळाडू ठरलेले, डबा ठरलेला, खिडकी ठरलेली. त्यासाठी नालासोपाऱ्याचा माणूस 'रिटर्न' मारून, म्हणजे उलटा विरारला जाऊन, जागा धरून येई. एक गडी रजेवर असला तर उभ्या प्रवाशांतून बदली निवडला जाई, आणि त्या बढतीचा आनंद ऑफिसातल्या बढतीपेक्षा किंचितही कमी नसे. पुढे ब्रीफकेसी गेल्या, पाठीवरच्या सॅक आल्या. सॅकवर पत्ते मांडता येत नाहीत. पत्ते तिथे हरले.

त्यांची जागा घेतली 'लूडो किंग'ने. नवी मुंबईच्या गेमेशन कंपनीचा हा खेळ २०१६ मध्ये आला आणि टाळेबंदीत देशभर धुमाकूळ घालून गेला. तो चालतो तो एका गोष्टीमुळे, जी सिलिकॉन व्हॅलीतल्या बड्या कंपन्यांना सुचली तरी रुचली नसती : नेट नसताना एकच मोबाइल चौघांनी हातोहात फिरवून खेळण्याची सोय. नायगाव सोडले की खाडीच्या पुलावर रेंज लंगडते, पुढे पंधरा डब्यांतले सगळे मोबाइल एकाच टॉवरला लोंबकळतात. अशा वेळी ऑनलाइन खेळणाऱ्याच्या पडद्यावर नुसते चक्र फिरते. लूडोवाले चौघे निवांत. "भाऊ, तुमची चाल." फोन हातावरून हातावर, एखादा हात दाराजवळच्या गर्दीतून आलेला. मीरा रोडला चढलेला माणूस मागून डोकावून सल्ला देतो, "घरातली गोटी काढा आधी." कुणी त्याला विचारलेले नसते. सहा पडला तर सगळा कोपरा ओरडतो. ऑनलाइन खेळात बघ्यांची सोय करायला कंपन्यांनी कोट्यवधी खर्च केले. इथे बघे पास काढून येतात.

आणि एक सूक्ष्म निरीक्षण. याच गाडीत, रेंज उत्तम असताना, मोबाइलचा डेटा मुद्दाम बंद करणारे लोक दिसतात. महिलांच्या डब्यात तर फारच. कँडी फोडणे, फळे कापणे, फुगे उडवणे असे खेळ नेट चालू असले की दर दोन मिनिटांनी जाहिरात दाखवतात. नेट बंद केले की जाहिरातीला यायला रस्ताच नाही. ही युक्ती कुठल्याही मासिकात छापून आलेली नव्हती. ती भाजी निवडता निवडता, बोरिवली ते वसई, एका बाकावरून दुसऱ्या बाकावर गेली. कंपन्यांच्या ते लक्षात आले. आता काही खेळ उघडतानाच म्हणतात, 'कृपया इंटरनेट जोडा.' का जोडा, ते सांगत नाहीत. त्यांना लाज वाटत असावी.

इथून गोष्ट जरा गंभीर होते, कारण एकट्याने खेळायच्या खेळालाही आता हजेरी लावावी लागते. हजेरी जुनीच, फक्त घेणारा बदलला. १९८९ च्या 'प्रिन्स ऑफ पर्शिया'त पहिल्या टप्प्यानंतर खोलीभर औषधाच्या बाटल्या येत. खेळाबरोबरच्या पुस्तिकेतल्या अमुक पानावरच्या अमुक शब्दाचे अक्षर ज्या बाटलीवर असेल तीच प्यायची. पुस्तिका असेल तर तुम्ही सज्जन. आपल्याकडे फ्लॉपी यायची, पुस्तिका कुणी पाहिली? म्हणून फिरायच्या त्या आधीच कुलूप फोडलेल्या प्रती. नंतर हजेरी सीडीने घेतली : 'ड्राइव्हमध्ये सीडी टाका'. निदान ती आपल्या कपाटात तरी असे. मग हजेरीपट अमेरिकेला गेला.

याचे सर्वांत मजेदार उदाहरण मराठी माणसाच्या जिव्हाळ्याचे आहे. मार्च २००९ मध्ये 'एम्पायर : टोटल वॉर' हा खेळ आला. १७०० साली सुरू होणारे जग, आणि त्यात खेळायला मिळणाऱ्या सत्तांमध्ये मराठे! राजधानी सातारा. गोव्यात पोर्तुगीज बसलेले. वसईला नकाशावर वेगळी जागा नाही, पण ते दुःख गिळता येईल. चिमाजी अप्पांनी फेब्रुवारी ते मे १७३९ मोर्चे लावून, सुरुंग उडवून पोर्तुगीजांकडून वसई घेतली; ती ऊर्मी घेऊन पोरगा डीव्हीडी टाकतो. खेळ म्हणतो, थांबा. आधी 'स्टीम'वर खाते काढा, इंटरनेटला जोडा, खेळ 'अ‍ॅक्टिव्हेट' करा. स्टीम ही अमेरिकेच्या वॉशिंग्टन राज्यातल्या व्हॉल्व्ह कंपनीची सेवा. तर साताऱ्याहून फौज निघायची ती प्रशांत महासागराच्या काठावरून मंजुरी आल्यावर. आणि वसईत त्या दिवशी वरूनच बंद.

त्यापेक्षा 'एज ऑफ एम्पायर्स २' बरा, असे जुने जाणते सांगतात. १९९९ चा, मुकाट्याने चालणारा. पण तिथे वेगळीच अडचण. खेळाचा काळ साधारण सोळाव्या शतकाशी थांबतो, म्हणून मराठे नाहीतच. २०१५ मध्ये त्यात नवे लोक घातले, ते कोण? पोर्तुगीज! त्यांना खास जहाज, खास तोफ आणि 'फेइतोरिया' नावाची वखार, जी उभी केली की आपोआप सोने, लाकूड, धान्य पिकवत राहते. वसईच्या किल्ल्यापासून सायकलने दहा मिनिटांवर राहणाऱ्या मुलाने आता पोर्तुगीज निवडायचे की त्यांच्याविरुद्ध उभे राहायचे? बहुतेक जण त्यांच्याविरुद्ध उभे राहतात, दोनदा हरतात, आणि तिसऱ्यांदा गुपचूप पोर्तुगीज निवडतात. वखार फार सोयीची आहे.

स्टीममध्ये 'ऑफलाइन मोड' आहे. त्यात जाण्याचा नियम असा, की आधी ऑनलाइन येऊन लॉगिन करायचे, सगळे अद्ययावत करून घ्यायचे, मगच ऑफलाइन जायचे. नेट जाणार हे नेट असतानाच कळले पाहिजे. सरकारी कार्यालयात अनुपस्थितीचा अर्ज स्वतः हजर राहून द्यावा लागतो, त्यातलाच हा प्रकार. २०१३ मध्ये मायक्रोसॉफ्टने नवा एक्सबॉक्स आणताना जाहीर केले, की यंत्राला चोवीस तासांत एकदा तरी नेटशी बोलावे लागेल, नाहीतर खेळ बंद. ज्यांच्याकडे नेट नाही त्यांनी काय करायचे, या प्रश्नाला एक्सबॉक्सचे तेव्हाचे प्रमुख डॉन मॅट्रिक यांचे उत्तर होते, की त्यांच्यासाठी जुना एक्सबॉक्स ३६० आहेच. त्यावर इतका गदारोळ झाला, की काही दिवसांत निर्णय मागे घ्यावा लागला. मॅट्रिक साहेबांना एक पावसाळा नालासोपारा पूर्वेला ठेवले असते तर तो जाहीरच झाला नसता.

जुलै २०१८ चा पाऊस पाहा. ९ आणि १० तारखेला इतके कोसळले, की विरार-नालासोपाऱ्याचे रूळ पाण्याखाली गेले, लोकल थांबल्या, वसईच्या मिठागराचा संपर्क तुटला, आणि ठिकठिकाणी वीज बंद करावी लागली. १७ मे २०२१ ला तौक्ते चक्रीवादळ बाहेरून सरकत गेले आणि खांब, झाडे, तारा एकमेकांत गुंतवून गेले. काही भागांत लाइट यायला दिवस लागले. टॉवरच्या बॅटऱ्या संपल्या की फोनचाही प्राण जातो. अशा वेळी घराघरात जुनी ट्रंक उघडली गेली आणि सापशिडी बाहेर आली. तिचे फासे हरवलेले असतात, मग चिंचोके. नोकियाचा ११०० ज्याने सांभाळून ठेवला होता, त्याच्याकडे सापाचा खेळ आणि आठवडाभर टिकणारी बॅटरी, दोन्ही होते. शेजाऱ्यांत त्याचा मान तेवढे दिवस नगरसेवकापेक्षा जास्त.

नोव्हेंबर २०२१ मध्ये 'व्हाइस सिटी' नव्या रंगरंगोटीसह पुन्हा विकायला आली आणि पहिल्याच आठवड्यात कंपनीचे दार उघडणारे सॉफ्टवेअर एक दिवसाहून जास्त काळ बंद पडले. पैसे भरलेल्यांना एकट्याने खेळायचा खेळ उघडता येईना. त्याच वेळी गणिताच्या वहीवाल्या पिढीकडची २००३ ची प्रत मजेत चालत होती, तीही ओरखड्यासकट. आणि 'द क्रू' नावाच्या गाड्यांच्या खेळाचे सर्व्हर यूबीसॉफ्टने ३१ मार्च २०२४ ला बंद केले, तेव्हा तो विकत घेतलेल्या सगळ्यांचा खेळ एकाच दिवशी संपला. त्यातून युरोपात 'स्टॉप किलिंग गेम्स' ही मोहीम उभी राहिली आणि तिच्या अर्जावर दहा लाखांहून जास्त सह्या झाल्या. युरोपीय लोकांना पहिल्यांदाच कळले, की वरूनच बंद होऊ शकते.

या सगळ्या पडझडीत एक खेळ मात्र वसई-विरारमध्ये ठामपणे पाय रोवून आहे. 'ईए क्रिकेट ०७'. नोव्हेंबर २००६ मध्ये आला. त्यानंतर ईए कंपनीने कॉम्प्युटरसाठी क्रिकेटचा खेळ काढलाच नाही. परवाना इंग्लंड-ऑस्ट्रेलियाच्या अ‍ॅशेसचा होता, त्यामुळे भारतीय खेळाडूंची नावे मुडपून, ओळखू येतील न येतील अशी लिहिलेली. कॉमेंट्रीला रिची बेनो आणि मार्क निकोलस. ज्या महिन्यात तो बाजारात आला, त्या महिन्यात विरारचा पृथ्वी शॉ सात वर्षांचा झाला होता. पण हौशी लोकांनी हा खेळ मरू दिला नाही. कुणी नावे सुधारली, कुणी जर्सी शिवल्या, कुणी आयपीएल घातली, आणि दर मोसमात नवे संघ असलेला 'पॅच' फुकट फिरू लागला. पृथ्वी शॉ खेळाबाहेर मोठा झाला आणि पॅचमधून आत आला.

खेळायला नेट लागत नाही, पॅच उतरवायला लागते. तो दोन-अडीच जीबीचा, आणि रोजचा मोबाइल डेटा दीड. म्हणून रात्री साडेअकराला डाउनलोड लावतात : अर्धा पॅच आजच्या डेटातून, बारा वाजले की उरलेला उद्याच्या. ज्या मुलाचा त्यात दोन दिवसांचा डेटा जातो तो सकाळी पेन ड्राइव्ह घेऊन खाली येतो, ए विंग, बी विंग, मागची चाळ, सगळीकडे पॅच बसतो. मग कुणाच्या तरी लॅपटॉपवर पाच-पाच ओव्हरची मॅच ठरते आणि टॉस उडवायला कुणी नाणे काढलेच तर तो मुलगा ते परत खिशात घालायला लावतो. बॅट ज्याची त्याची पहिली बॅटिंग, हा नियम मैदानावर होता. इथे डेटा त्याचा आहे.